केसांना फाटे का फुटतात, आणि वाढलेले केस शेंड्यापर्यंत टिकवायचे कसे

संक्रांतीच्या आदल्या रविवारी पुतणी आली होती कोल्हापूरच्या शाहूपुरीतनं, न्हाऊन केस मोकळे सोडलेले, आणि आल्या आल्या सगळे केस पुढं घेऊन शेंडा माझ्या हातात दिला. "आत्या, हे बघ की, पार केरसुणी झालीय. दोन वर्षं झाली केस वाढंनातच, खालनं नुसते तुटालेत. काय लावू सांग." घरातल्या सगळ्या पोरी केसांचं मलाच विचारतात, कारण मी २२ वर्षं इचलकरंजीत सुताच्या टेस्टिंग लॅबमधे काम केलंय, दिवसभर धागा बघायचा, भिंगाखाली धरायचा, ताणून तोडायचा, किती ओझ्याला तुटला ते लिहायचं, आणि केस म्हणजे शेवटी धागाच की. "काय लावू" याचं उत्तर मी लगेच दिलं नाही. तिला खिडकीत उजेडाला बसवलं, मांडीवर पांढरा कागद ठेवला आणि कापडातले धागे मोजायचं माझं जुनं भिंग तिच्याच हातात दिलं. पुढचा तासभर आम्ही जे बघितलं आणि बोललो ते इथं लिहितेय, कारण फाटे म्हणजे नक्की काय हे एकदा समजलं की काय लावायचं आणि काय नाही हे बरंचसं आपलं आपल्यालाच कळतं.

भिंग नसेल तर मोबाईलचा कॅमेरा झूम करून पण दिसतंय. काही केसांचा शेंडा सरळ दोन भागात चिरलेला होता, गलोलीच्या बेचक्यासारखा. काहींचा तर सात-आठ ठिकाणी पिंजून ब्रश झालेला. काही केस शेंड्याला ठीक पण मधेच एक पांढरा ठिपका, मुंगीच्या अंड्याएवढा सुद्धा नाही, त्याहून बारीक. पुतणी म्हणाली कोंडा असणार. म्हटलं नखानं काढून बघ. निघाला नाही, आणि जरा ओढल्यावर केस बरोब्बर त्या ठिपक्यावरच तुटला. तो ठिपका म्हणजे केसाच्या आतले तंतू तिथं बाहेर फुटलेले असतात, दोन रंगवायचे ब्रश समोरासमोर एकमेकांत खुपसले तर जसे दिसतील तसं. म्हणजे फाटा फक्त शेंड्याला फुटतो असं काही नाही, केस मधेच पण फुटतो, आणि तिथं तुटला की तुटलेल्या जागी नवीन फाटा तयार.

मग टेप घेतला. वेणी नाही मोजायची, वेणीत केस आखडतो, एक केस सुटा धरून टाळूपासून शेंड्यापर्यंत मोजायचा. ६८ सेंटीमीटर भरला. केस महिन्याला साधारण सव्वा सेंटीमीटर वाढतो, म्हणजे वर्षाला १५. थोडं कमीजास्त असतं माणसागणिक, पण हिशोबाला एवढं पुरतं. ६८ ला १५ नं भागलं की साडेचार वर्षं. म्हटलं बाळा, हा जो शेंडा तू हातात धरलायस ना, हा तुझ्या डोक्यातनं २०२१ च्या जुलैत बाहेर आलाय, पंचगंगेला पूर आलेला, व्हीनस कॉर्नरला पाणी चढलं म्हणून तुम्ही सगळे चार दिवस आमच्याकडं राहायला आलेला तेव्हा. तेव्हापासनं आठवड्यातनं दोनदा न्हाणं धरलं तर हा शेंडा साडेचारशेच्या वर वेळा धुतलाय. दिवसातनं दोनदा विंचरणं धरलं तर सव्वातीन हजार वेळा त्याच्यावरनं कंगवा गेलाय. कुठला सुती शर्ट साडेचारशे धुण्यांनंतर कॉलरला विरत नाही सांग. ती गप्प बसून शेंड्याकडं बघतच राहिली.

आणि शर्ट जसा स्वतःचा स्वतः भरून येत नाही तसाच केस पण. केसाचा जिवंत भाग फक्त मुळाशी आहे, कातडीच्या आत काही मिलिमीटर खाली. तिथं पेशी वाढतात, त्यांच्यात केराटिन नावाचं प्रोटीन भरतं, त्या कडक होतात आणि मरतात, आणि मेलेल्या पेशींचा तो दोरा वर ढकलला जातो. बाहेर जे दिसतं त्यात रक्त नाही, नस नाही, म्हणून कापताना दुखत नाही. हाताला खरचटलं तर आठ दिवसात कातडी येते, केसाला खरचटलं तर ते खरचटलेलंच राहतं, जोपर्यंत कापत नाही तोपर्यंत. त्यामुळं शेंड्याला "पोषण" मिळतं असं कुठल्याही बाटलीवर लिहिलेलं असलं तरी मेलेला धागा काही खात नसतो. त्याच्यावर लेप बसू शकतो, घर्षण कमी होऊ शकतं, आतलं पाणी थोडं टिकू शकतं, एवढंच, आणि खरं तर एवढं पण खूप आहे.

आता धाग्याची रचना, हे जरा निवांत सांगते कारण सगळं इथंच आहे. केस किती बारीक तर एका मिलिमीटरच्या रेघेवर १२ ते १४ केस शेजारी शेजारी बसतील. एवढ्याशा धाग्याला बाहेरनं खवल्यांचं पांघरूण असतं, त्याला क्यूटिकल म्हणतात. पेठेतल्या जुन्या घरांवर कौलं कशी असतात, वरच्या कौलाची कड खालच्यावर चढलेली, पावसाचं पाणी घसरून खाली जावं म्हणून? तस्सेच हे खवले, मुळाकडनं शेंड्याकडं एकावर एक चढलेले, आणि एक थर नाही, पाच ते दहा थर. खात्री करायची असेल तर एक लांब केस घ्या, चिमटीत धरून मुळाकडनं शेंड्याकडं बोटं फिरवा, गुळगुळीत लागेल. उलटं शेंड्याकडनं मुळाकडं फिरवा, किंचित खरखर लागते. ती कौलांची कड. भिजलेले केस डोक्यावर गोळा करून गोल गोल चोळले की गुंता का होतो तेही इथंच कळलं, शेजारशेजारच्या केसांची कौलं उलट दिशेनं एकमेकांत अडकतात.

कौलांच्या खाली आतमधे कॉर्टेक्स. हा म्हणजे चऱ्हाट समजा. वाखाचे बारीक तंतू, त्यांचे पेड, पेडांचा दोर, असं आत आत रचलेलं. केसाची सगळी ताकद ह्यात आहे, एक चांगला केस साधारण १०० ग्रॅम ओझं पेलतो. पण चऱ्हाटाचं टोक गाठ न मारता तसंच सोडलं तर काय होतं? उकलतं. केसाला ती गाठ म्हणजे कौलांचं पांघरूण. मुळाजवळ सगळे थर शाबूत असतात, खाली खाली जावं तसे झिजून एकेक कमी होत जातात, आणि साडेचार वर्षांच्या शेंड्याला कधी कधी एक पण उरत नाही. उघडं पडलेलं चऱ्हाट मग पिंजतं. फाटे फुटणं म्हणजे इतकंच. हा आजार नाही, बुरशी नाही, अंगातली उष्णता बाहेर पडली असं पण काही नाही.

कौलांच्या वर अजून एक गोष्ट असते जी डोळ्याला दिसत नाही, तेलकट पदार्थाचा अगदी पातळ थर, केसाला रासायनिक रीतीनं चिकटलेला. नव्या केसावरनं पाणी घसरतं आणि केस केसावरनं सुळकन सरकतो तो ह्या थरामुळं. ब्लीच केलं की हा थर जातो, उन्हानं आणि वर्षानुवर्षांच्या धुण्यानं पण हळूहळू जातो, आणि एकदा गेला की परत येत नाही. मग केस पाणी जास्त पितो, सुकायला वेळ लावतो, केसाला केस घासतो, गुंता होतो, गुंता ओढून काढताना कौलं निघतात, कौलं निघाली की अजून गुंता. हे चक्र शेंड्याकडं जोरात फिरत असतं आणि आपण लक्ष ठेवून असतो टाळूवर.

पुतणीचं "केस वाढंनातच" हे पण इथं सुटतं. मुळाशी महिन्याला सव्वा सेंटीमीटर येतंय आणि खालनं तेवढंच तुटून जातंय, म्हणून टेप तिथंच. वाढ थांबलीय की तूट चाललीय हे घरी ओळखता येतं. वर्तमानपत्र पसरून त्याच्यावर केस विंचरा आणि पडलेले केस उजेडात बघा. ज्या केसाच्या एका टोकाला बारीकशी पांढरी गाठ आहे तो मुळापासनं गळलाय. असे दिवसाला ५० ते १०० गेले तरी काळजी नाही, डोक्यावर लाखभर असतात आणि प्रत्येक केसाचं आयुष्य ठरलेलं असतं, २ ते ७ वर्षं वाढायचं, दोन-तीन आठवड्यात थांबायचं, तीनेक महिने विश्रांती आणि मग गळायचं, त्याच खड्ड्यातनं नवा येतो. पण तुकडे पडतायत, आखूड, दोन्ही टोकांना गाठ नाही, तर ती तूट आहे. तिच्या कागदावर गाठवाले अकरा आणि तुकडे मोजायचा आम्हाला कंटाळा आला एवढे. म्हणजे मुळं आपलं काम चोख करतायत, वाट लागतीय ती वाटेत.

वाटेत कुठं, ते आता बघू, आणि सगळ्यात आधी पाणी. ही गोष्ट मला स्वतःला फार उशिरा कळली. आयुष्यभर कापूस हाताळला, आणि कापसाचं सूत ओलं झालं की कोरड्यापेक्षा जास्त ताकदवान होतं, लॅबमधे ओलं करून तोडलं की आकडा वर जातो. म्हणून लॅबची हवा सुद्धा ठरवलेली असते, ६५ टक्के आर्द्रता, २७ अंश, नाहीतर आकडे फसवतात. माझ्या डोक्यात तेच पक्कं, की धागा ओला म्हणजे मजबूत. केस लोकरीच्या जातीचा, केराटिनचा, त्याचं बरोब्बर उलटं आहे. ओला केस फुगतो, जाडी साधारण १५ टक्क्यांनी वाढते, आतले काही बंध पाण्यानं सैल होतात, कौलं जरा उचलतात आणि केस कोरड्यापेक्षा कमकुवत होतो. आणि आपण त्याच्याशी सगळ्यात दांडगाई करतो ती नेमकी तेव्हाच.

आमच्याकडं न्हाऊन गच्चीवर उन्हात उभं राहून, केस पुढं सोडून, पंचाला पीळ देऊन फटाफट केस झोडायची पद्धत. माझी आई करायची, मी केलंय, पुतणी पण करते. पाणी उडतंय हे दिसतं, पण फुगलेल्या, कौलं उचललेल्या केसावर पंचाचे फटके बसतायत हे दिसत नाही. हे एवढं एक बंद केलं तरी फरक पडतो हे मी छातीठोक सांगते. त्याऐवजी जुन्या मऊ सुती ओढणीत किंवा टी-शर्टात केस गुंडाळायचे, दाबून दाबून पाणी टिपायचं, घासायचं नाही, आणि मग वाऱ्यावर सोडायचे. केस तासन् तास ओले ठेवून अंबाडा घालणं पण बरं नाही, रात्री न्हाऊन ओल्यानंच झोपणं त्याहून नाही.

दुसरं, विंचरणं. वरनं टाळूपासनं कंगवा घालून एका दमात खाली ओढला की वाटेतले सगळे गुंते एकत्र होऊन शेंड्याला एक घट्ट गाठ बनते आणि ती आपण जोरानं ओढून "सोडवतो". आयर्लंडमधे डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातल्या संशोधकांनी ह्याच्यासाठी खास यंत्र बनवलं होतं, एका केसाचा वेढा दुसऱ्या केसाभोवती टाकून तो मागं-पुढं ओढत राहायचा, गुंता विंचरताना होतं अगदी तसं, आणि त्यात केस नुसता तुटत नाही तर उभा चिरत जातो हे त्यांनी दाखवलं. सुताच्या घर्षणाची यंत्रं मी रोज चालवली आहेत, त्यामुळं ते वाचलं तेव्हा मला फार पटलं, कारण सरळ ओढीपेक्षा वळणावरचं घासणं धाग्याला जास्त मारतं हे आम्ही रोज बघायचो. म्हणून शेंड्यापासनं सुरुवात करायची. खालचे चार बोटं आधी मोकळे, मग त्याच्या वरचे, असं चढत चढत टाळूपर्यंत. गुंत्याच्या वर केस मुठीत घट्ट धरायचा म्हणजे ओढ मुळाला बसत नाही. कंगवा रुंद दातांचा, आणि विकत घेताना दाताच्या आतल्या कडेवरनं नख फिरवून बघायचं, स्वस्तातल्या प्लॅस्टिकच्या कंगव्याला साच्याची धारदार रेघ राहिलेली असते, ती प्रत्येक फेरीत कौलं खरवडते. शिंगाची किंवा लाकडाची फणी असेल तर छानच. बारीक दातांची फणी उवा काढायला ठेवा, रोज नको.

आता तेल आणि कंडिशनर, म्हणजे पुतणीचा "काय लावू". खोबरेल तेलाचं आपल्या आज्या सांगायच्या ते बरंचसं खरं निघालंय. २००३ मधे मुंबईत झालेल्या एका अभ्यासात खोबरेल, सूर्यफुलाचं तेल आणि मिनरल ऑइल असे तीन तेलं केसांवर तपासले, धुताना केसातनं प्रोटीन किती जातं ते मोजलं, आणि फक्त खोबरेलनं ते ठळकपणे कमी झालं. अभ्यास तेल बनवणाऱ्या कंपनीतल्याच लोकांनी केलेला होता हे पण सांगायला पाहिजे, पण कारण समजण्यासारखं आहे, खोबरेलमधलं लॉरिक ॲसिड लहान आणि सरळ साखळीचं असतं, ते केसाच्या आत शिरू शकतं, बाकीची वरच राहतात. आत तेल असलं की पाणी कमी शिरतं, केस कमी फुगतो. म्हणून तेलाची खरी वेळ न्हायच्या आधीची, तासभर किंवा आदल्या रात्री, आणि खरी जागा मानेच्या खालचे केस आणि शेंडा. आपण वाटीभर तेल टाळूवर जिरवतो आणि शेंड्याला हाताला उरलेलं पुसतो, ते उलटं करा. टाळूला स्वतःचं तेल असतं, कोंडा असेल तर टाळूवर तेल थापल्यानं तो वाढू पण शकतो.

कंडिशनर म्हणजे काय हे इचलकरंजीच्या माणसाला एका शब्दात कळतं, सायझिंग. मागावर ताण्याचे, म्हणजे उभे, धागे चढवायच्या आधी त्यांना कांजी देतात, कारण मागाच्या फणीतनं दिवसभर घासत जाताना धागा पिंजू नये. कांजी धाग्याला "पोसत" नाही, ती वरचे सुटे तंतू चिकटवून लेप धरते आणि घर्षण सोसते. कंडिशनर तेच करतं. त्यातला मुख्य पदार्थ धन विद्युतभाराचा असतो आणि केसाचा झिजलेला भाग ऋणभाराचा, म्हणून तो जिथं जास्त झीज तिथंच जास्त चिकटतो, ही फार हुशारीची रचना आहे. शाम्पू टाळूला, कंडिशनर शेंड्याला, एवढं लक्षात ठेवलं की झालं. शाम्पू मगातल्या पाण्यात पातळ करून टाळूवर घालायचा, खाली ओघळतो तेवढा लांबीला पुरतो, केस डोक्यावर गोळा करून चोळायचे नाहीत. सीरममधे सिलिकॉन असतं, ते फाटा दिवसभर चिकटल्यासारखा दाखवतं आणि घसरण चांगली देतं, वापरा बिनधास्त, पुढच्या न्हाण्याला निघून जाणार हे माहीत असू द्या. फाटा कायमचा सांधणारं काही अजून कुणी बनवलेलं नाही.

अंड्याचं पुतणीनं विचारलंच. अंड्यातलं प्रोटीन एवढं मोठं असतं की केसात शिरायचा प्रश्नच नाही, ते खाल्लेलं बरं. अंगाच्या साबणानं केस धुणं मात्र खरंच बंद करा, साबण अल्कधर्मी असतो, केस फुगवतो, कौलं उघडतो, आणि बोअरचं जड पाणी असेल तर त्यातल्या कॅल्शियमबरोबर साबणाचा चिकट साका केसावर बसतो, मग केस धुऊन पण धुतल्यासारखे वाटत नाहीत. खायचा सोडा पण त्याच कारणानं नको. शिकेकाई सौम्य आम्ल असते म्हणून कौलं मिटलेली ठेवते, चांगलीच आहे, पण पूड तशीच चोळली तर तिचे कण खरवडतात, उकळून गाळून घ्या. पोहायला अंबाई टँकला जाणाऱ्या पोरींनी आधी साध्या पाण्यानं केस चिंब करून थोडं खोबरेल लावून टोपी घालावी, केस आधीच पाणी प्यायला असेल तर क्लोरीनचं पाणी कमी पितो.

आता ज्याचा मला खरोखर त्रास झाला ते. मे महिन्यात घरात लग्न होतं, तेव्हा पुतणीनं एका पार्लरमधे केस सरळ करून घेतले, मी सोबत होते. औषध लावलं, केस अर्धवट ओले असतानाच मशीन फिरवायला घेतलं, चुर्र आवाज, धूर, तिच्या आणि माझ्या पण डोळ्यातनं पाणी, घसा धरला. विचारलं तर म्हणे असंच असतंय. असंच नसतंय. केस सरळ करायच्या काही औषधांतनं तापवल्यावर फॉर्मल्डिहाइड वायू निघतो, बाटलीवर त्याचं नाव नसलं तरी निघू शकतो कारण आत तो वेगळ्या रूपात असतो. डोळे झोंबले तर उठायचं आणि बाहेर यायचं, पैसे दिले असतील तरी. मी त्या दिवशी उठवलं नाही तिला, आज तसं करणार नाही.

आणि ओल्या केसावर मशीन हे तर कधीच नको. कपड्याला आपण पाणी शिंपडून इस्त्री करतो, कापूस सोसतो. केसात अडकलेलं पाणी त्या आचेला एका क्षणात वाफ होतं आणि आतनं बुडबुडे पाडतं, केस आतनं पोकळ होतो, सूक्ष्मदर्शकाखाली अगदी पाव फुगल्यासारखा दिसतो, आणि त्या जागी तुटतो. २०० अंशाच्या आसपास आणि वर गेलं की केराटिन स्वतःच मोडायला लागतं, मशिनी तर २३० पर्यंत जातात. वापरायचंच असेल तर पूर्ण सुके केस, आधी उष्णतेपासनं वाचवणारा स्प्रे, आच कमीत कमी, आणि एका बटेवरनं एकदाच. ब्लीच सगळ्यात जबर, कारण ते केराटिनमधले गंधकाचे पक्के बंध तोडतं, ज्यांच्यावर केसाचा आकार आणि ताकद उभी आहे. ब्लीच आणि सरळ करणं ही दोन्ही एकाच केसावर केली की मग तुटण्याला तेलाचा दोष देऊ नका. मेंदी शुद्ध असेल तर ठीक, जरा कोरडेपणा येतो, पण "काळी मेंदी" म्हणून मिळते तिच्यात बहुतेक वेळा पीपीडी हा रंग असतो, काहींना त्याची भयंकर ॲलर्जी होते, आधी कानामागं लावून दोन दिवस बघा.

शाळेतल्या पोरींच्या आयांसाठी एक. दोन वेण्या वर दुमडून रोज एकाच जागी रबर आवळलं की तिथंच केस मोडतो, रबर साधं नोटांचं तर अजिबात नको, कापड गुंडाळलेलं घ्या आणि जागा बदलत राहा. वेणी इतकी घट्ट नको की कपाळ ताणलं जाईल, तिथले केस वर्षानुवर्षं ओढले की मुळंच जातात. गाडीवरनं जाताना केस मोकळे सोडू नका, शाहूपुरीतनं विद्यापीठापर्यंत जाऊन आलं की जो गुंता होतो त्यात महिन्याची मेहनत जाते. सैल वेणी, वरनं ओढणी, आत सुती रुमाल आणि मग हेल्मेट.

पोटातनं काय, हे थोडक्यात, कारण ते मुळाचं काम आहे, शेंड्याचं नाही. आज खाल्लेल्याचा केस शेंड्यापर्यंत जायला साडेचार वर्षं लागणार. पण मुळाला प्रोटीन आणि लोह पाहिजेच, आणि आपल्या बायकांत लोहाची बोंब आहे, २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातल्या १५ ते ४९ वयाच्या ५७ टक्के बायकांना ॲनिमिया निघाला होता. जेवणावर लगेच चहा घेऊ नका, लोह अंगाला कमी लागतं. बायोटिनच्या गोळ्यांमागं सगळे लागलेत, पण त्याची खरी कमतरता क्वचितच असते, आणि घेत असाल तर रक्त तपासायच्या आधी डॉक्टरांना सांगा, थायरॉइडचे आणि हृदयाच्या काही चाचण्यांचे आकडे त्यानं चुकतात. कागदावर गाठवाले केस मुठीनं पडतायत, भांग रुंद होतोय, कुठं चट्टा पडलाय तर तेल बदलत बसू नका, त्वचेच्या डॉक्टरांकडं जा. बाळंतपणानंतर किंवा मोठ्या तापानंतर दोन-तीन महिन्यांनी केस भसाभस जातात ते बहुतेक वेळा आपोआप भरून येतात, तरी एकदा दाखवून घ्या.

शेवटी कात्री. कापल्यानं केस जोरात वाढतात हे खरं नाही, मुळाला खाली कात्री लागलीय हे कळायचा मार्गच नाही. पण फाटा न कापता ठेवला तर तो वर चिरत जाऊ शकतो, फाटक्या कापडाच्या उसवणीसारखा, आज एक सेंटीमीटर वाचवलं तर सहा महिन्यांनी पाच जातात. हिशोब पुतणीनंच केला. तीन महिन्यात वाढ पावणेचार सेंटीमीटर, त्यातलं एक कापलं तरी पावणेतीन उरतं, वर्षाला ११. सध्या उरतंय शून्य.

कात्री मात्र केसांचीच पाहिजे, कागद-दोरे कापून बोथट झालेली नको. बोथट पातं धागा कापत नाही, चेंगरून तोडतं, आणि कापल्या जागीच तंतू पिंजलेले राहतात, लॅबमधे आम्ही म्हणूनच नमुन्यासाठी कात्री वेगळी ठेवायचो, कुणाला हात लावू द्यायचो नाही. त्याच कात्रीनं गच्चीवर बसून पुतणीचा शेंडा कापला. पहिल्या वेळी फाटे जिथपर्यंत चढलेत त्याच्या एक सेंटीमीटर वर कापावं लागतं म्हणून आठ सेंटीमीटर गेले, तिचं तोंड एवढंसं झालेलं. मग वेणी न घालता बटा पिळून पिळून, पिळातनं बाहेर डोकावणारे मधलेच फाटे एकेक टिपले, त्याला अर्धा तास गेला, लांबी अजिबात जात नाही त्यानं. कापल्यावर भिंगाखाली परत बघितलं, टोक सपाट, गोल, भरीव. मी टेप लावला, ६०. दिनदर्शिकेवर त्या रविवारच्या खाली आकडा लिहून ठेवलाय, आता चैत्रात जोतिबाच्या यात्रेच्या आधी मोजायचं, ६३ च्या पुढं भरलं पाहिजे.